ह्यूम आणि उदयन एका पंगतीला

प्रति,
मा. कुलगुरू,
मराठी भाषा विद्यापीठ, रिद्धपूर



रिद्धपूर हे मराठी गद्याचे माहेर. म्हाइंभटांनी तेराव्या शतकाच्या अखेरीस लीळाचरित्र सिद्ध केले ते गोविंदप्रभूंच्या याच गावात. त्या ग्रंथाकडे आपण चरित्र म्हणून, जुन्या भाषेचा ठेवा म्हणून पाहतो. पण महानुभाव पंथीयांनी मराठीत जे काम उभे केले त्याचा गाभा तत्त्वविचाराचा होता. जीव, देवता, प्रपंच आणि परमेश्वर हे चार पदार्थ एकमेकांपासून स्वतंत्र आणि अनादी मानणारे एक पुरे दर्शन त्यांनी या भाषेत मांडले. केशोबासांनी पंथप्रवर्तक चक्रधरांची वचने सूत्रपाठात लावली आणि दृष्टांतपाठात सूत्र, दृष्टांत, दार्ष्टान्तिक अशी शिस्तीची चौकट घालून दिली. केशोबास संस्कृतचे जाणकार होते, त्यांना संस्कृतात लिहिणे अवघड नव्हते. तरी पंथाचे तेव्हाचे प्रमुख नागदेवाचार्य यांनी त्यांना अडवले, कारण संस्कृतात लिहिले तर पंथातल्या म्हाताऱ्या बाया त्याला मुकल्या असत्या. कठीण विचार कोणत्या भाषेत करायचा, याचा हा निवाडा सातशे वर्षांपूर्वीचा आहे. पुढे हे ग्रंथ सकळ या सांकेतिक लिपीत बंद झाले आणि विसाव्या शतकाच्या सुरुवातीला राजवाडे, भावे यांच्यासारख्या संशोधकांनी ती लिपी उलगडेपर्यंत बाहेरच्या मराठी माणसाला त्यांचा पत्ताही नव्हता, हे आपले मोठे नुकसान झाले. नागदेवाचार्यांच्या त्याच निवाड्याच्या बळावर आपल्याकडे एक काम मागण्यासाठी यवतमाळ जिल्ह्यातल्या बोरी अरबहून हे पत्र लिहीत आहे.

मागणे थोडक्यात असे : भारतीय दर्शने आणि पाश्चात्त्य तत्त्वज्ञान यांचा खराखुरा वाद मराठीत सुरू करावा. मी वाद म्हणतो आहे, तुलना म्हणत नाही. तुलना गेली दोनशे वर्षे चालूच आहे. कोलब्रुकने १८२० नंतरच्या दशकात सांख्य, न्याय, वेदान्त यांची ओळख करून देणारे निबंध इंग्रजीत लिहिले, हेगेलने त्यांचा आधार घेतला, आणि तेव्हापासून आपली दर्शने पाश्चात्त्य विचाराशेजारी ठेवून पाहण्याची रीत पडली. शंकराचार्य कांटसारखे, नागार्जुन विटगेनस्टाइनसारखा, चार्वाक एपिक्युरससारखा. ही वाक्ये आपण इतक्या वेळा वाचली आहेत की त्यांतली दिशा आता जाणवतही नाही. कांट शंकराचार्यांच्या कसोटीवर किती उतरतो, असे कोणी विचारत नाही. आमच्या भागात कापूस विकणाऱ्याला एक गोष्ट सांगावी लागत नाही : माल आपला आणि काटा दुसऱ्याचा असेल, तर भावाची चर्चा करून उपयोग नसतो. तत्त्वज्ञानात आपण दोन शतके माल नेऊन टाकतो आहोत. काट्यावर माल भारी भरला तर अभिमानाने फुलतो, हलका भरला तर खट्टू होतो. तो काटा कोणी आणि कशासाठी बनवला, हे तपासायचे मात्र राहून गेले.

आपल्या परंपरेत याचा विचार झालेला आहे. मिलिंदपञ्ह या पाली ग्रंथात ग्रीक राजा मिनॅन्डर आणि भिक्खू नागसेन समोरासमोर येतात. पूर्व आणि पश्चिम यांच्या भेटीचा इतका जुना, इतका तपशीलवार ग्रंथ दुसरा क्वचितच असेल. राजा वाद मागतो तेव्हा नागसेन आधी अट घालतो : पंडितांसारखा वाद होणार असेल तर करू, राजांसारखा होणार असेल तर नको. पंडितांच्या वादात माणूस पेचात सापडतो, सुटतो, चूक कबूल करतो आणि तरी रागावत नाही. राजाच्या वादात राजा एक मत धरतो आणि ते न पटणाऱ्याला शिक्षा होते. मिनॅन्डर ही अट मानतो आणि मग सुटे भाग वगळता रथ नावाचे काही उरते का, हा तो प्रसिद्ध प्रश्न निघतो. न्यायसूत्रांनी हाच भेद वाद, जल्प आणि वितंडा अशा तीन शब्दांत बांधला : खरे काय ते कळावे म्हणून केलेला तो वाद, जिंकण्यासाठी केलेला जल्प, आणि स्वतःचे काही न मांडता फक्त समोरच्याचे पाडायचे ती वितंडा. एकोणिसाव्या शतकात पाश्चात्त्य विचार आपल्याकडे आला तो राज्यकर्त्यांच्या शाळेतून, त्यांच्या परीक्षेतून आणि त्यांच्या भाषेतून. मिल आणि स्पेन्सर वाचून आगरकरांनी आपला समाज हलवला, त्या वाचनाचे ऋण मोठे आहे. पण नागसेनाची अट त्या भेटीत पाळली गेली नव्हती, आणि राज्य गेल्यावरही ती मागण्याची आठवण आपल्याला राहिली नाही.

महाराष्ट्रात काटा फिरवून पाहण्याचा एक थोर प्रयत्न झाला, तो मंडालेच्या तुरुंगात. टिळकांनी १९१०-११ च्या हिवाळ्यात लिहिलेले आणि १९१५ मध्ये प्रसिद्ध झालेले गीतारहस्य आपण गीतेवरचा ग्रंथ म्हणून वाचतो. पण त्याची सुरुवातीची प्रकरणे नीट पाहिली तर तिथे पाश्चात्त्य नीतिशास्त्राची एक संपूर्ण वर्गवारी आहे आणि तिची नावे आपली आहेत. बाह्य सुखदुःखाच्या हिशेबाने कर्माची परीक्षा करणारे बेंथॅम-मिल आधिभौतिक पक्षात, सदसद्विवेकबुद्धी हीच देवता मानणारे आधिदैवत पक्षात, आणि कांट-ग्रीन आध्यात्मिक पक्षात. माणसाचा विचार धार्मिकातून तात्त्विकात आणि तिथून शास्त्रीयात चढत जातो, असे कॉम्तने म्हटले होते. टिळकांनी त्याची दखल घेऊन क्रमच बदलला. इथे युरोपचे विचारवंत आपल्या चौकटीत उभे केले गेले, तेही कोणत्याही कष्टकरी वाचकाला समजेल अशा मराठीत. मला या ग्रंथाबद्दल आदर आहे, पण त्याची मर्यादाही सांगितली पाहिजे. मिलला उलट बोलायची संधी टिळक देत नाहीत. त्याचे म्हणणे ते प्रामाणिकपणे मांडतात आणि मग जो निकाल आधीच ठरलेला आहे तो देतात. आपल्या वऱ्हाडातले प्रज्ञाचक्षू गुलाबराव महाराज यांनी डार्विन आणि स्पेन्सर यांची जी झडती घेतली तिच्याबद्दलही असेच म्हणावे लागते. नऊ महिन्यांचा असताना दृष्टी गेलेला, अवघ्या चौतिसाव्या वर्षी देह ठेवणारा माधानचा हा माणूस ग्रंथ वाचून घेऊन युरोपच्या विकासवादाशी भिडला, याचे मोल आहेच. पण काटा उलटा धरला एवढ्याने वजन खरे होत नाही.

त्यानंतरची मोठी जागा अमळनेरची. प्रतापशेठांनी १९१६ मध्ये तिथे तत्त्वज्ञान मंदिर काढले. देशभरातले विद्वान तिथे राहून काम करीत. मलकानी, रासविहारी दास, टी. आर. व्ही. मूर्ती ही नावे त्या संस्थेशी जोडलेली आहेत, आणि कृष्णचंद्र भट्टाचार्य १९३३ ते १९३५ तिथे संचालक होते. हेच ते भट्टाचार्य, ज्यांनी विचारातल्या स्वराज्याबद्दल बोलताना असे दाखवून दिले की राजकीय दास्य निदान जाणवते, पण परक्या कल्पना तपासल्यावाचून आपल्या मनात घर करतात ते दास्य जाणवत नाही, आणि म्हणून त्यातून सुटणे अधिक कठीण. अमळनेरला मराठी मातीत एवढी विद्वत्ता जमली, पण तिचे लेखन झाले ते मुख्यतः इंग्रजीत, आणि तिचा कल होता अद्वैताकडे. न्याय, बौद्ध, जैन, चार्वाक आणि खुद्द मराठीतले महानुभाव दर्शन बाजूला राहिले. खानदेशातल्या शेतकऱ्याच्या मुलाला आपल्या तालुक्याच्या गावी काय चालले होते हे कळायला आधी इंग्रजी एम. ए. व्हावे लागले असते. नागदेवाचार्यांची शंका तिथे खरी ठरली.

माझ्या म्हणण्याला खरा आधार आहे तो १९८३ साली पुण्यात घडलेल्या प्रसंगाचा. दया कृष्ण आणि मे. पुं. रेगे यांच्या पुढाकाराने काही इंग्रजी वळणाचे तत्त्वज्ञ आणि न्याय-मीमांसेचे परंपरेने शिकलेले पंडित एकत्र बसले. पंडितांना इंग्रजी येत नव्हते, तत्त्वज्ञांपैकी अनेकांना शास्त्रार्थाचे संस्कृत येत नव्हते. विषय घेतला बर्ट्रंड रसेलचा : प्रोपोझिशन म्हणजे काय. बोललेले वाक्य वेगळे, ते ऐकून मनात उठणारे ज्ञान वेगळे, आणि या दोहोंहून निराळी, खरी किंवा खोटी ठरणारी अशी तिसरी वस्तू असते का? रसेलचे म्हणणे संस्कृतात उतरवून पंडितांपुढे ठेवले गेले. आजवर पंडिताला माहिती विचारली जात असे : अमुक सूत्राचा अर्थ काय, तमुक ग्रंथात काय म्हटले आहे. इथे पहिल्यांदा त्याला मत विचारले गेले. न्यायाच्या मते खरेखोटेपणा ज्ञानाला असतो, आणि ज्ञानाच्या विषयाची रचना विशेष्य, प्रकार आणि संसर्ग यांनी होते. मग ती तिसरी वस्तू मानण्याची गरज कुठे उरते? हा प्रश्न आता रसेलच्या बाजूला उत्तर मागत होता. या चर्चेचा संवाद नावाचा ग्रंथ १९९१ मध्ये निघाला, आणि नागसेनाची अट आपल्या काळात पाळली गेली याचा तो पुरावा आहे.

अशा वादातून काय निघते, हे पुढे बद्रीनाथ शुक्लांनी दाखवले. ते न्यायाचे काशीतले ज्येष्ठ पंडित, म्हणजे देहाहून वेगळा आत्मा मानणाऱ्या परंपरेचे वारस. अशाच एका बैठकीत त्यांनी असे मांडले की न्यायाच्या चौकटीत राहून, मन मानून, देहालाच आत्मा म्हणता येईल का याचा विचार करता येतो. ज्याला आपण चार्वाकाचे म्हणून बाजूला टाकतो, ते मत नैयायिकाने स्वतःच्या घरातली एक शक्यता म्हणून तपासायला घेतले. बाहेरच्या माणसाने बरोबरीच्या नात्याने प्रश्न विचारला की आतला माणूस असा मोकळा होतो. आपल्याकडे जे आहे ते सगळ्यांत श्रेष्ठ, असे सांगण्यासाठी जमलेल्या सभेत हे कधीच घडले नसते.

हे सगळे संस्कृतात आणि इंग्रजीत झाले, मग मराठीचा आग्रह का? याचे उत्तर एका शब्दाच्या पोटात शिरल्याशिवाय देता येणार नाही. ज्ञान हा शब्द घ्या. इंग्रजी नॉलेजला आपण सरसकट ज्ञान म्हणतो. पण नॉलेज खोटे असू शकत नाही. जे खोटे निघाले ते नॉलेज नव्हतेच, असे ती भाषा मानते. न्यायात ज्ञान ही घटना आहे. क्षणभर उठते आणि मावळते, ते यथार्थही असते आणि अयथार्थही. दोरी साप दिसली तेही ज्ञानच. जे यथार्थ असते त्या अनुभवाला वेगळे नाव आहे, प्रमा. भ्रमज्ञान, मिथ्याज्ञान हे शब्द आपल्या तोंडी अजून आहेत, ती त्या जुन्या अर्थाची खूण. आता नॉलेज म्हणजे खरा आणि सकारण विश्वास, अशी व्याख्या घ्या. १९६३ मध्ये गेटिए या अमेरिकन तत्त्वज्ञाने तीन पानांच्या लेखात ती खिळखिळी केली. विश्वास खरा आहे, कारणही आहे, तरी योगायोगानेच बरोबर आले, अशी उदाहरणे त्याने दिली. आठव्या शतकातला बौद्ध तार्किक धर्मोत्तर नेमके असे उदाहरण देऊन ठेवतो : मांस भाजायला विस्तव नुकताच पेटवला आहे, धूर अजून नाही, पण किड्यांचे मोहोळ जमले आहे. लांबून ते पाहणाऱ्याला धूर वाटतो आणि तो म्हणतो, तिथे विस्तव आहे. विस्तव आहेच. मग हे ज्ञान झाले का? आमच्याकडे फाल्गुनात वावरात उपटलेल्या पऱ्हाटीचा ढीग पेटवतात. धुऱ्याच्या पलीकडून एखाद्याला नुसती धुळीची वावटळ दिसावी, तिला धूर समजून त्याने आग ओळखावी आणि त्याच जागी आग खरोखर असावी, हे धर्मोत्तराचेच उदाहरण वऱ्हाडी वेषात आले. आता गेटिएला आणि धर्मोत्तराला एकत्र आणून विचारले तर नवा प्रश्न उभा राहतो. पाश्चात्त्य चर्चा गेली साठ वर्षे व्याख्येत चौथी अट कोणती घालावी हे शोधते आहे, आणि नैयायिक मात्र विचारतो की ते ज्ञान कोणत्या कारणातून निपजले, त्याचे करण निर्दोष होते का. दोघे एकाच आजाराकडे पाहून दोन निराळी निदाने करतात. मराठी वाचकाला हा फरक कळायचा तर आधी नॉलेज म्हणजे ज्ञान हे समीकरण मोडावे लागेल, आणि ते मोडण्याची सोय मराठीत आहे, कारण ज्ञान आणि प्रमा हे दोन्ही शब्द तिच्या घरचे आहेत.

अशा गफलती ढीगभर आहेत. डिडक्शनला आपण निगमन म्हटले. न्यायातल्या परार्थानुमानाचे पाच अवयव असतात, प्रतिज्ञा, हेतू, उदाहरण, उपनय आणि निगमन, आणि त्यातले शेवटचे उचलून आपण एका परक्या पद्धतीला देऊन टाकले. आता विद्यार्थी न्याय वाचायला बसला की निगमन दिसताच त्याला ॲरिस्टॉटल आठवतो, आणि तीन ओळींत होणाऱ्या कामाला आपल्या लोकांनी पाच ओळी का घातल्या, असे वाटून तो ओशाळतो. पाच अवयव हे दुसऱ्याला पटवण्याचे टप्पे आहेत, आणि उदाहरणाचा टप्पा त्यात असल्याने न्यायाचे अनुमान वस्तुस्थितीपासून सुटून नुसत्या आकारावर चालत नाही. हा दोष की गुण, यावर भांडता येईल आणि भांडावेच. पण पारिभाषिक शब्द बनवतानाच निकाल लागून गेला तर भांडायला उरते काय? दे. द. वाडेकरांनी संपादित केलेला तीन खंडांचा मराठी तत्त्वज्ञान महाकोश १९७४ चा. कोश शब्द जमवतो. वादात घासून शब्दाची धार लावायची पुढची पायरी मराठीत अजून बाकी आहे.

यावर आक्षेप येतील, आणि ते हलके नाहीत. पहिला असा की तत्त्वज्ञानाला देश नसतो. दोन आणि दोन चार हे यवतमाळात खरे आणि ऑक्सफर्डातही खरे, मग भारतीय आणि पाश्चात्त्य हा भेदच कशाला? प्रश्न सर्वांचे असतात, हे मला मान्य आहे. पण प्रश्न कुठल्या शब्दांत अडकतो, हे भाषा आणि परंपरा ठरवतात, आणि आज जे सार्वत्रिक म्हणून शिकवले जाते ते बहुतांशी एका खंडाच्या वहिवाटीतून आलेले आहे. बिमलकृष्ण मतिलाल ऑक्सफर्डला राहून हेच सांगत राहिले : नव्यन्याय वाचल्याशिवाय प्रत्यक्षाची किंवा संशयाची चर्चा पुरी होत नाही. सार्वत्रिकता हवी असेल तर वादात दुसऱ्या बाजूला बोलावले पाहिजे.

दुसरा आक्षेप मला अधिक बोचतो. भारतीय दर्शनांचे नाव काढले की त्यामागून सगळे आमच्या वेदांत होतेच म्हणणारी मिरवणूक येते, आणि ज्या शास्त्रांनी जातीला आधार दिला त्यांना नव्याने गादी मिळते, ही भीती रास्त आहे. म्हणूनच मी वाद मागतो, गौरवग्रंथ मागत नाही. या बाबतीत महाराष्ट्राने सर्वांत मोठा धडा डॉ. आंबेडकरांकडून घ्यायला हवा. कोलंबियात ते जॉन ड्यूईंच्या हाताखाली शिकले, आणि १९३६ मध्ये छापलेल्या जातिसंहारावरच्या भाषणात त्यांनी ड्यूईंचे ऋण नावानिशी मानले. त्या शिक्षणाने त्यांनी शास्त्रांची उलटतपासणी केली. पण ते तिथे थांबले नाहीत. १९५४ मध्ये आकाशवाणीवरून त्यांनी स्पष्ट सांगितले की स्वातंत्र्य, समता, बंधुता ही तत्त्वे आपण फ्रेंच राज्यक्रांतीतून घेतली नाहीत, बुद्धाच्या शिकवणीतून घेतली. त्यांनी बंधुतेचा विचार मैत्री या बौद्ध शब्दापर्यंत नेला, आणि मैत्री माणसांपाशी न थांबता सर्व प्राणिमात्रांपर्यंत पोचते असे दाखवले. हे पाश्चात्त्य तत्त्व भारतीय शब्दात तपासून अधिक रुंद करणे झाले. त्याच माणसाने भारतीय ग्रंथांना दयामाया दाखवली नाही. दोन्हीकडे सारखीच कठोर नजर ठेवता येते, याचा एवढा मोठा दाखला १४ ऑक्टोबर १९५६ ला नागपुरात धम्मदीक्षेच्या रूपाने उभा राहिला असताना, दर्शनांचा अभ्यास म्हणजे पुनरुज्जीवन असे मानायचे कारण उरत नाही. आणि विरोधकही घरचाच हवा असेल तर दि. य. देशपांडे यांची वाट आहे. अमरावतीला तत्त्वज्ञान शिकवणाऱ्या आणि १९९० मध्ये नागपुरातून आजचा सुधारक हे मासिक सुरू करणाऱ्या या विवेकवाद्याने पाश्चात्त्य युक्तिवादाची शिस्त इतक्या स्वच्छ मराठीत मांडली की अध्यात्मवाद्याला आपला मुद्दा सांभाळूनच ठेवावा लागेल. त्यांच्या पक्षाचा माणूस पहिल्या दिवसापासून बैठकीत हवा.

तिसरा आक्षेप व्यवहाराचा. हे वाचणार कोण, आणि इंग्रजीत उपलब्ध असताना मराठीत कशाला? महाराष्ट्रात अकरावी-बारावीला कला शाखेत तर्कशास्त्र हा विषय आहे आणि तो मराठीतून शिकवला जातो. यवतमाळ, वाशीम, बुलढाण्यातली मुले तो घेतात. त्या मुलांना आज व्याप्ती, संशय, तर्क हे शब्द ज्या ग्रंथांत जन्मले त्या ग्रंथांपर्यंत नेणारी वाट मराठीत जवळजवळ नाही, आणि रसेलपर्यंत नेणारी वाटही नाही. इंग्रजीतून जी थोडी मुले पुढे जातात ती परत येऊन या भाषेत लिहीत नाहीत, हा त्यांचा दोष मानता येणार नाही, कारण लिहायला जागाच नाही. ३ ऑक्टोबर २०२४ ला मराठी अभिजात ठरली. अभिजात भाषेला जुने जपण्याचा मान मिळतो, आणि त्याबरोबर नव्या कठीण प्रश्नांवर त्याच तोडीने लिहिण्याची जबाबदारीही येते.

आता सुरुवात कुठून करावी हे सांगतो, कारण नुसती मागणी हवेत राहते. पहिला ग्रंथ व्याप्तीचा, म्हणजे जिथे धूर तिथे विस्तव अशा अटळ संबंधाचा, असावा. ह्यूमने १७३९-४० च्या आणि पुन्हा १७४८ च्या ग्रंथात विचारले : आजवर आगीने जाळले म्हणून उद्या जाळेलच, हे कोणत्या युक्तीने सिद्ध होते? त्याचे उत्तर असे की कोणत्याच नाही, ती केवळ सवय आहे. चार्वाकांनी अनुमानावर हाच हल्ला केला होता, आणि दहाव्या शतकात उदयनाचार्यांनी न्यायकुसुमांजलीत त्याला उत्तर दिले : शंकेलाही सीमा असते, आणि ती सीमा म्हणजे आपल्याच कृतीशी येणारा व्याघात. धूर विस्तवामुळे होतो यावर शंका घेणारा माणूस धूर हवा असताना विस्तवच पेटवतो. श्रीहर्षाने, म्हणजे विदर्भकन्या दमयंतीची कथा नैषधीयचरितात गाणाऱ्या त्याच कवीने, खंडनखंडखाद्यात उदयनाचे शब्द थोडे बदलून त्याच्यावरच उलटवले : व्याघात आहे म्हणता, तर शंका आहेच, कारण शंका असल्याशिवाय व्याघात कशाशी? पुढे नैयायिक गंगेशाने श्रीहर्षाला उत्तर दिले. इकडे ह्यूमही कबूल करतो की मित्रांबरोबर जेवून, खेळून माणूस आपल्या शंका विसरतो. पण त्याच्या मते कृतीने शंकेचे उत्तर मिळत नाही, ती फक्त झाकली जाते. उदयनाच्या मते कृती हीच शंकेची हद्द. मृगाचे नक्षत्र लागले, दोन सरी आल्या आणि शेतकऱ्याने पेरले. पुढे पाऊस दडी मारेल ही शंका त्याच्या मनातून गेली होती, की शंका असतानाच त्याने तिफण धरली? दुबार पेरणी ओढवलेल्या वर्षी तो कोणाला बरोबर म्हणेल, ह्यूमला की उदयनाला की श्रीहर्षाला? मला याचे उत्तर आधीच ठरलेले वाटत नाही, आणि म्हणूनच पहिला ग्रंथ हा असावा असे वाटते.

ह्यूमची संबंधित प्रकरणे, उदयनाची कारिका वृत्तीसह, श्रीहर्षाचे खंडन आणि गंगेशाचे उत्तर, ही सगळी एकाच बांधणीत मराठीत यावीत. अनुवादाला एक माणूस पाश्चात्त्य तत्त्वज्ञान शिकलेला आणि एक शास्त्री परंपरेतला असे दोघे एकत्र बसवावेत, आणि दोघांनी एकमेकांच्या पानावर आक्षेप लिहावेत. ते आक्षेप पुसून टाकू नयेत, अनुवादाच्या खालीच छापावेत. एखाद्या शब्दावर एकमत झाले नाही, तर दोन्ही शब्द ठेवून का झाले नाही ते लिहावे. तिसरा माणूस महानुभाव ग्रंथांचा जाणकार असावा, कारण दृष्टांतपाठात उदाहरणाला जे स्थान आहे ते न्यायातल्या उदाहरणाहून निराळे आहे, आणि व्याप्तीच्या चर्चेत त्याचा काय उपयोग होईल हे रिद्धपूरखेरीज दुसरीकडे कोणी विचारणार नाही. पुस्तक झाले की त्याची एक प्रत दारव्ह्याच्या, एक अमळनेरच्या, एक वाईच्या ग्रंथालयात जावी, आणि वर्षभराने त्यावर आलेली मराठी पत्रे, रागाची असली तरी, दुसऱ्या आवृत्तीत यावीत.



आपला,
मराठी तत्त्वविचाराचा एक वाचक
बोरी अरब, ता. दारव्हा, जि. यवतमाळ